मूल म्हणजे मुद्देमाल नव्हे

घराचा ताबा, शेताचा ताबा, जप्त मालाचा ताबा आणि मुलाचा ताबा! आमच्या न्यायालयीन भाषेत या चारही गोष्टींना एकच शब्द आहे. आणि दुर्दैवाने व्यवहारातही चौथीला पहिल्या तिहींहून निराळी वागणूक क्वचितच मिळते. मुले ही आईबापांची मालमत्ताही नव्हेत आणि खेळणीही नव्हेत, असे सर्वोच्च न्यायालयाने १९७३ सालीच बजावले. त्याला अर्धशतक उलटले, तरी घटस्फोटाच्या दाव्यात मूल अजून मुद्देमालासारखेच अडकून पडते.

दोष कायद्याच्या तत्त्वात आहे, असे कोणी समजू नये. १८९० च्या पालक व पाल्य कायद्याच्या १७ व्या कलमात पाल्याच्या हिताचा विचार सांगितलेला आहे. १९५६ च्या हिंदू अज्ञानत्व व पालकत्व कायद्याच्या १३ व्या कलमाने तर ते हित सर्वश्रेष्ठ मानले आहे. दोष आहे तो कालहरणात. दावा दाखल झाला त्या दिवशी मूल ज्याच्या घरी असते, बहुधा त्याच्याच घरी ते राहते. नोटीस, कैफियत, तहकुबी, पुन्हा तहकुबी, असे करता करता चार वर्षांचे मूल सात वर्षांचे होते. मग अंतिम सुनावणीच्या वेळी प्रश्न निघतो, की मूल आता कोठे रुळले आहे? उत्तर उघडच आहे! निकाल न्यायाधीशाने दिला असे आपण म्हणतो. वस्तुतः तो तारखांनी आधीच देऊन टाकलेला असतो.

१९५५ च्या हिंदू विवाह कायद्याचे २६ वे कलम या दृष्टीने वाचण्यासारखे आहे. दावा चालू असताना मुलांच्या पोषणाचा व शिक्षणाचा अर्ज नोटीस बजावल्यापासून शक्यतो ६० दिवसांत निकालात काढावा, असे २००१ च्या दुरुस्तीने त्यात घातले. हे स्तुत्यच आहे. परंतु त्याच कलमाखाली येणाऱ्या ताब्याच्या अर्जाला ही मुदत नाही. शाळेची फी अडू नये याची संसदेला काळजी. आई किंवा बाप दिसेनासा झाला, तर मात्र मुलाने वाट पाहावी!

बेळगाव, बडोदे, इंदूर, ग्वाल्हेर, हैदराबाद अशा दूरदूरच्या गावी विखुरलेल्या आपल्या समाजाला हा विलंब अधिकच जाचतो. आपली लग्ने प्रांतांच्या सीमा ओलांडून जुळतात. ती मोडतात तेव्हा मूलही सीमा ओलांडते. १८९० च्या कायद्याच्या ९ व्या कलमाप्रमाणे पाल्य सामान्यतः जेथे राहते, तेथील न्यायालयाकडे जावे लागते. बडोद्याचे मूल बेळगावला नेले, की ते ‘सामान्यतः’ कोठले, याच वादात महिनेच्या महिने खर्ची पडतात. एक पक्ष गोव्याचा असेल, तर तेथील कौटुंबिक कायदा १८६७ च्या पोर्तुगीज नागरी संहितेवर आधारलेला असल्यामुळे, कोणता कायदा लागू, हा वाद वर जोडला जातो.

यावर भेटीचा हक्क हा उतारा सांगितला जातो. पण ही भेट कशी? पंधरवड्यातून एकदा, न्यायालयाच्या आवारातील खोलीत, तासदोन तास. एवढ्यात बापाने मुलाचा अभ्यास घ्यावा, की नुसते त्याच्याकडे बघत बसावे? आणि आजी-आजोबांनी? एका घरात मराठी आणि दुसऱ्यात कोंकणी असेल, तर दुसरी भाषा त्या मुलाला तासाभराची पाहुणी होते.

मुलाला स्थैर्य हवे, दोन घरांत त्याची ओढाताण नको, असा आक्षेप घेतला जातो. आमची मुले पिढ्यान्‌पिढ्या घर आणि आजोळ अशा दोन ठिकाणी वाढली. त्यांचे काही बिघडले नाही. मूल बिघडते ते दोन उंबरठ्यांमुळे नव्हे, दोघांमधील वैरामुळे. जेथे मारझोड आहे, मुलाच्या जिवाला धोका आहे, तेथे गोष्ट वेगळी. मार चुकवण्यासाठी मूल घेऊन बाहेर पडलेल्या स्त्रीला कोणी पळवून नेणारी म्हणू नये. तेथे भेट देखरेखीखालीच व्हावी. परंतु हा अपवाद प्रत्येक अर्जात साच्यातून काढल्यासारखा लिहिला जातो, आणि खऱ्या पीडितेचेच त्यात नुकसान होते.

याला आम्ही वकीलही जबाबदार आहोत. पोटगी नाही तर भेट नाही, भेट नाही तर पोटगी नाही, हा सौदा पक्षकारांना सुचतो. पण त्याला कायदेशीर भाषा आम्ही देतो. वास्तविक अन्न आणि आईबाप ही दोन्ही मुलाची देणी आहेत. एकाच्या थकबाकीपोटी दुसरे जप्त करता येत नाही.

विधी आयोगाने मे २०१५ मधील २५७ व्या अहवालात संयुक्त ताब्याची शिफारस केली. तिचा कायदा झाला नाही. निदान तीन गोष्टी तरी व्हाव्यात. भेटीच्या व ताब्याच्या हंगामी अर्जालाही ६० दिवसांची मुदत असावी. आदेशात वार, सुट्ट्या, सण, दूरध्वनी हे सारे स्पष्ट लिहिलेले असावे. आणि बुडवलेल्या प्रत्येक दिवसाची भरपाई त्याच महिन्यात दिवसानेच व्हावी. पतिपत्नींचा दावा खुशाल दहा वर्षे चालो. बालपणाला तहकुबी मिळत नाही.