डाव्या पायाला काम हवंय!

उलटी गंगा म्हणतात ती हीच. हिंजवडीहून रोज संध्याकाळी घरी परतणाऱ्या कुठल्याही माणसाला विचारा. तो क्लच दाबून दाबून दुखावलेला डावा गुडघा चोळत सांगेल, 'पुढची गाडी ऑटोमॅटिकच!' आणि नेमक्या याच दिवसांत, गेल्या दोन महिन्यांत, मला तिघांनी वेगवेगळ्या ठिकाणी एकच प्रश्न विचारला. माझी ऑटोमॅटिक गाडी मॅन्युअल करून घेता येईल का रे?

पहिल्याचं कारण यूट्यूब. रात्री दोन-दोन वाजेपर्यंत परदेशातल्या गॅरेजचे व्हिडिओ बघतो आणि सकाळच्या मीटिंगला जांभया देतो. दुसरी माझी ऑफिसमधली कलीग. तिला ताम्हिणी घाटात स्वतःच्या हाताने गिअर बदलायची हौस. हौसेला मोल नसतं, त्यामुळे तिच्याशी मी वाद घातला नाही. तिसऱ्याचा प्रश्न मात्र सीरियस होता.

हा माझा जुना मित्र. त्याच्या घरी दहा वर्षांची एक जपानी सेडान आहे. सीव्हीटी ऑटोमॅटिक. वडिलांनी रिटायर झाल्यावर हौसेने घेतलेली. वडील गेले, गाडी राहिली. मध्यंतरी ती सिग्नलवरून सुटताना हिसके द्यायला लागली, डॅशबोर्डवर दिवा पेटला. वर्कशॉपमध्ये सांगण्यात आलं की गिअरबॉक्स गेला, पूर्ण बदलावा लागेल. एस्टिमेट गाडीच्या आजच्या किमतीच्या निम्म्याहून जास्त! तो तिथून निघाला आणि घराजवळच्या गॅरेजवाल्याकडे गेला. तिथे ऐकायला मिळालं, 'साहेब, कशाला एवढे पैसे घालता? मॅन्युअलचा बॉक्स बसवून देतो. आठ दिवसांत गाडी घरी. पुन्हा आयुष्यात कटकट नाही.'

शेवटचं वाक्य ऐकलं की माणूस विरघळतो. 'विकून टाक' हे मी त्याला सांगणार नव्हतो. ती गाडी त्याला विकायचीच नव्हती.

तर आधी यूट्यूबवाल्याचं बघू, कारण सगळ्यांच्या डोक्यात हा किडा तिथूनच शिरतो. बीएमडब्ल्यूची ई-४६ एम-थ्री घ्या, २००० ते २००६ च्या काळातली. तिच्यात एसएमजी नावाचा गिअरबॉक्स मिळायचा, क्लच पेडल नसलेला. पण आत डोकावलं तर तो मॅन्युअल एम-थ्रीमधलाच सहा गिअरचा गेट्राग कंपनीचा बॉक्स! फक्त त्याच्यावर एक हायड्रॉलिक पंप आणि काही यंत्रणा बसवलेली, जी तुमच्या वतीने क्लच दाबते आणि गिअर बदलते. काही वर्षांनी तो पंप दम तोडतो, खर्च अफाट येतो, आणि मग अमेरिकेत-इंग्लंडमध्ये मालक तो काढून टाकून सरळ पेडल आणि गिअर लिव्हर बसवतात. फेरारीचंही तसंच. १९९७ साली ३५५ मॉडेलला 'एफ-वन' गिअरबॉक्स आला, स्टिअरिंगमागच्या पट्ट्या ओढून गिअर बदलायचा. पुढच्या ३६० आणि एफ-४३० मध्येही तो होता. आतला बॉक्स मुळात मॅन्युअलच. २००९ साली ४५८ आली ती क्लच पेडलशिवायच, आणि मग जुन्या मॅन्युअल फेरारींचे भाव असे चढले की 'एफ-वन'वाल्या गाड्या मॅन्युअल करून देणं हा काही वर्कशॉप्सचा चक्क धंदा झाला.

आता गंमत ऐका. फेरारीची ती यंत्रणा बनवली होती मॅग्नेटी मारेली या इटालियन कंपनीने. आणि फेब्रुवारी २०१४ मध्ये आपल्याकडे मारुतीने सेलेरिओ आणली, तिच्या स्वस्तातल्या ऑटोमॅटिकची यंत्रणाही मॅग्नेटी मारेलीचीच! तोच फंडा. साधा पाच गिअरचा मॅन्युअल बॉक्स, आणि तुमच्या डाव्या पायाची व डाव्या हाताची ड्यूटी करणारा एक छोटा रोबो. यालाच आपण एएमटी म्हणतो. म्हणजे सोसायटीच्या पार्किंगमधली सेलेरिओ आणि पोस्टरवरची फेरारी दूरच्या का होईना, चुलत बहिणी लागतात.

मुद्दा असा की, एएमटीच्या पोटात मॅन्युअलच असतो. तिथे रोबो काढून माणूस बसवायचा आहे. इतर ऑटोमॅटिकमध्ये पोटच वेगळं. टॉर्क कन्व्हर्टरमध्ये क्लच प्लेट नसून तेल काम करतं. दोन पंखे समोरासमोर ठेवा, एक चालू करा, हवेने दुसराही फिरायला लागेल. हवेच्या जागी तेल कल्पून घ्या, झालं. सीव्हीटीत तर ठरावीक गिअरच नसतात. दोन पुली आणि त्यांच्यामधून फिरणारा स्टीलचा पट्टा. अ‍ॅक्टिव्हात रबरी बेल्टवर जे चालतं, त्याचाच हा थोरला भाऊ. अशा गाडीतून बॉक्स काढायचा म्हणजे शब्दशः सगळं काढायचं.

सगळं म्हणजे किती? पेडलपासून सुरुवात करा. ऑटोमॅटिकचं ब्रेक पेडल रुंद असतं, ते जाऊन दोन अरुंद पेडल्स येणार. क्लचचा मास्टर सिलिंडर, खाली स्लेव्ह सिलिंडर, मधली पाइपलाइन. इंजिनच्या मागे ऑटोमॅटिकमध्ये एक पातळ पत्र्यासारखी प्लेट असते, तिच्या जागी मॅन्युअलचं वजनदार फ्लायव्हील लागतं. त्यावर क्लच प्लेट, प्रेशर प्लेट, रिलीज बेअरिंग. मग मुख्य बॉक्स, त्याचं फाउंडेशन (दोन्ही बॉक्स एकाच आकाराचे असतील असं नाही), त्याच्या मापाचे ड्राइव्ह शाफ्ट, गिअर लिव्हर, त्याच्या केबल. रेडिएटरकडे जाणाऱ्या ऑटोमॅटिकच्या तेलाच्या नळ्या असतील तर त्या नीट बंद करायच्या. यातलं एकेक कुर्ल्याच्या सीएसटी रोडवर किंवा पुण्यात नाना पेठेत फिरून गोळा करू म्हणाल, तर एक केबल इकडची, एक बेअरिंग तिकडचं, असं करत गाडी सहा महिने वीटांवर उभी राहील. जाणकार माणूस त्याच मॉडेलची, शक्यतो त्याच वर्षाची, अपघातात गेलेली मॅन्युअल गाडी अख्खी शोधतो. आणि तिची कागदपत्रं बघितल्याशिवाय एक स्क्रूही घेत नाही, कारण चोरीच्या गाडीचा माल अंगावर आला तर गिअर राहिला बाजूला, चौकीच्या चकरा सुरू होतात.

हे झालं लोखंडाचं काम. चांगला मेकॅनिक ते करेलही. 'आठ दिवसांत गाडी घरी' हे वाक्य खरं अडकतं ते वायरिंगमध्ये.

ऑटोमॅटिक गाडी P किंवा N मध्ये असल्याशिवाय स्टार्टर फिरू देत नाही. बॉक्सच काढला तर गाडीला P कोण सांगणार? मग वायरिंगवाला दोन वायरी जोडून मोकळा होतो आणि गाडी गिअरमध्ये असतानाही सेल मारला की उडी घेते. समोर भिंत असेल तर भिंत, माणूस असेल तर माणूस. बऱ्याच गाड्यांत P मध्ये टाकल्याशिवाय किल्लीही बाहेर येत नाही, म्हणजे ऑफिसच्या पार्किंगमध्ये तुम्ही उभे आणि किल्ली आतच! इंजिनचा कॉम्प्युटर गिअरबॉक्सच्या कॉम्प्युटरशी सतत बोलत असतो. समोरून उत्तर येईना की तो दिवा पेटवतो आणि गाडीची ताकद कमी करून टाकतो. मॅन्युअल गाडीचा कॉम्प्युटर आणून बसवावा, तर त्याची ओळख त्या गाडीच्या किल्लीशी. तुमची किल्ली त्याला परकी. एम-थ्रीवाल्यांचं निभतं कारण त्या गाडीची फॅक्टरीतली मॅन्युअल आवृत्ती आहे, तिचं सॉफ्टवेअर माहीत असणारी माणसं आहेत आणि गाडीची किंमत एवढी आहे की हा उपद्व्याप परवडतो. आपल्या नाक्यावरच्या गॅरेजमध्ये 'होऊन जाईल साहेब' एवढंच सॉफ्टवेअर असतं.

आता कागद. हा भाग बोअर आहे, पण महाग पडतो तो हाच. मोटार वाहन कायदा १९८८, कलम ५२. गाडीच्या आरसीवर जे तपशील आहेत ते कंपनीने मुळात ठरवून दिलेल्या तपशिलांशी जुळेनासे होतील, असा बदल मालकाने करायचा नाही. बदल म्हणजे काय हेही तिथेच सांगितलंय: गाडीच्या रचनेत असा फेर, ज्याने तिचं मूळ वैशिष्ट्य बदलेल. जानेवारी २०१९ मध्ये सुप्रीम कोर्टाने केरळमधल्या एका प्रकरणात हे कलम कडकपणे वाचलं. २०१९ च्याच दुरुस्तीने शिक्षाही लिहिली गेली: विनापरवाना केलेल्या प्रत्येक बदलाला पाच हजार रुपये दंड, किंवा सहा महिन्यांपर्यंत कैद, किंवा दोन्ही. 'सीएनजी किट लावतात की लोक!' असं मित्र म्हणालाच. लावतात, पण मान्यता असलेलं किट. त्याची चाचणी पुण्याच्या एआरएआयसारख्या संस्थेत आधीच झालेली असते आणि नंतर आरसीवर नोंद होते. भंगारातून उचललेल्या गिअरबॉक्सची परीक्षा कोणी घेतलेली असते? अपंग व्यक्तीसाठी गाडीत बदल करायची सोय कायद्यात वेगळी ठेवलेली आहे आणि ती रास्तच आहे. हौसेसाठी किंवा काटकसरीसाठी तशी खिडकी उघडी नाही. तरीही करायचंच असेल तर पहिला बोल्ट सैल करण्याआधी आरटीओकडून लेखी परवानगी घ्या. गॅरेजवाल्याचा शब्द किंवा एजंटचा चहा, दोन्ही चालत नाहीत.

शिवाय इन्शुरन्स. पॉलिसी तुम्ही ऑटोमॅटिक मॉडेलची काढलीय. उद्या एक्स्प्रेस-वेवर काही झालं आणि सर्व्हेअरने खाली वाकून बघितलं की त्याला तीन पेडल्स दिसणार. क्लेम अडवायला आयतं कारण. विकायला काढली की घेणारा मॉडेलच्या नावातलं 'सीव्हीटी' वाचणार, आत क्लच बघणार, आणि 'घरी विचारून सांगतो' म्हणून जो जाईल तो परत यायचा नाही.

हे सगळं ऐकून मित्र गप्प झाला. मग मी त्याला विचारलं, ही गाडी हल्ली जास्त कोण चालवतं? म्हणाला, 'आई.'

काकूंनी पन्नाशी उलटल्यावर ड्रायव्हिंग शिकलं, ते याच गाडीवर. काकाच त्यांना रविवारी सकाळी रिकाम्या रस्त्यावर घेऊन जायचे. क्लच त्यांना कधी जमला नाही. आता त्या मंडईत, बँकेत, बहिणीकडे, भजनाला स्वतः जातात, कोणाला 'सोडतोस का रे?' विचारत नाहीत. गाडी मॅन्युअल केली असती तर दुसऱ्या दिवसापासून ती पार्किंगमध्ये उभी राहिली असती आणि काकू रिक्षाच्या स्टॅण्डवर. हे मित्राच्या डोक्यात आलंच नव्हतं. गॅरेजवाल्याच्या डोक्यात यायचा तर प्रश्नच नाही. काकूंना कोणी विचारलंही नव्हतं.

तेव्हा आम्ही गाडी फक्त ऑटोमॅटिक गिअरबॉक्सचंच काम करणाऱ्या एका माणसाकडे नेली. त्याने आधी स्कॅनर लावून एरर कोड वाचले, मग थोडं तेल काढून वास घेतला. कोणीतरी मागच्या सर्व्हिसला सीव्हीटीचं तेल न घालता साधं ऑटोमॅटिकचं तेल घातलं होतं. दोन्ही दिसायला सारखी, कामात जमीन-अस्मानाचा फरक. पट्टा आणि पुली नशिबाने शाबूत होत्या. तेल दोनदा बदललं, फिल्टर बदलला, एक सोलेनॉइड बदलला. खर्च पहिल्या एस्टिमेटच्या पाचव्या हिश्श्याच्याही आत. प्रत्येकाचं असं स्वस्तात सुटेल, असं मी म्हणत नाही. पट्टा घासला असता तर रिकंडिशन केलेला बॉक्स शोधावा लागला असता, आणि तोही नव्यापेक्षा बराच स्वस्त पडतो. पण 'गिअरबॉक्स गेला' हे निदान कोड न वाचता, तेल न बघता केलेलं असेल तर सेकंड ओपिनियन घ्याच. गुडघ्याच्या ऑपरेशनला घेता की नाही?

राहिली माझी कलीग आणि तिचा ताम्हिणी. तिला मी आधी एवढंच सांगितलं की तुझ्या गाडीच्या लिव्हरवर D च्या खाली एक M आहे, तो घाट उतरताना वापरून बघ. इंजिनचा ब्रेक लागतो, पायातला ब्रेक तापत नाही, आणि गिअर आपल्या हातात आल्यासारखं वाटतं. तिने वापरला. आवडलाही. पण क्लचची हौस काही फिटली नाही, म्हणून आता ती वीकेण्डसाठी एक जुनी मॅन्युअल हॅचबॅक बघतेय. हा मार्ग मला शंभर टक्के पटतो. कागद सरळ, स्पेअर कुठल्याही नाक्यावर, आणि जुन्या बाजारात मॅन्युअल गाडी त्याच मॉडेलच्या ऑटोमॅटिकपेक्षा बहुतेक वेळा स्वस्तच मिळते.

तुम्हीही बघत असाल तर टेस्ट ड्राइव्हला मालक नेईल त्या गुळगुळीत रस्त्यावर जाऊ नका. बोपदेव घाटाकडे चला. चढावर गाडी वरच्या गिअरमध्ये ठेवा आणि अ‍ॅक्सिलरेटर पूर्ण दाबा. आरपीएमचा काटा सरसर वर जातोय आणि गाडी मात्र तिथेच रेंगाळतेय, असं झालं तर क्लच प्लेट संपलीय. तो खर्च किमतीतून कापून मागा.