स्वतःच्याच भूमिकेत

नट दुसऱ्याचे सोंग घेतो आणि पडदा पडला की घरी जातो. दूरचित्रवाणीवर ‘स्वतः’ म्हणून येणाऱ्या माणसाची तशी सुटका नसते. भाजी घेताना, डॉक्टरांकडे रांगेत बसताना, लोकांना तोच कालचा चेहरा हवा असतो. तबस्सुम यांनी हे ओझे २१ वर्षे वाहिले आणि तेही हसत हसत!

मुंबई दूरदर्शन सुरू झाले २ ऑक्टोबर १९७२ रोजी, आणि त्याच वर्षी त्यांचा ‘फूल खिले हैं गुलशन गुलशन’ हा मुलाखतींचा कार्यक्रमही. तो १९९३ पर्यंत चालला. आमच्या चाळीत तेव्हा एकच दूरचित्रवाणी संच होता, कृष्णधवल, आणि त्याच्यासमोर सतरंजीवर पंचवीस-तीस डोकी. सिनेमातली माणसे तोवर आम्हाला सिनेमातच भेटायची. फार तर मासिकात, तेही इस्त्री केलेल्या हास्यासकट. ती खुर्चीत बसून आपल्या आईविषयी बोलू शकतात, बोलता बोलता अडखळतात, हे आम्ही पहिल्यांदा पाहिले ते या बाईंमुळे. त्या पाहुण्याहून जास्त बोलतात, अशी शेजारच्या काकूंची तक्रार असे. ती अगदीच खोटी नव्हती. टोकदार प्रश्न हा काही त्यांचा प्रांत नव्हे. शेरोशायरी, विनोद आणि पाहुण्याच्या आधी स्वतःच खळाळून हसणे, हा सगळा मामला. पण समोरच्याला त्यांची भीती वाटत नसे, आणि न घाबरलेला माणूस जे बोलतो ते उलटतपासणीत सापडत नाही.

हे त्यांना कुठून साधले असेल? मला वाटते, दोन जगांत वावरण्याची सवय त्यांना जन्मापासूनच होती. वडील अयोध्यानाथ सचदेव, आई असगरी बेगम, दोघेही स्वातंत्र्यलढ्यातले. १९४४ साली मुलगी झाली. आईच्या धर्माचा मान राखून वडिलांनी तिचे नाव ठेवले तबस्सुम, म्हणजे स्मित. आणि वडिलांच्या धर्माचा मान राखून आईने ठेवले किरणबाला. नाव ठेवताना एकमेकांच्या बाजूने असे झुकणारे आईवडील किती जणांना लाभतात? १९४७ च्या ‘नर्गिस’मधून ही मुलगी पडद्यावर आली. ‘दीदार’मध्ये छोटी नर्गिस, ‘बैजू बावरा’त छोटी मीनाकुमारी. म्हणजे लहानपण गेले ते इतरांचे लहानपण साकारण्यात. स्वतः म्हणून लोकांसमोर यायला १९७२ उजाडावे लागले.

आता ‘स्वतः’ म्हणून येणाऱ्यांचा सुकाळ आहे. ‘बिग बॉस’ हिंदीत २००६ मध्ये आले, मराठीत २०१८ मध्ये. चोवीस तास कॅमेरे, आणि माणसाने खरे वागायचे! तिथली भांडणे मी पाहिली आहेत (घरात कोणी ना कोणी लावतेच), आणि दर वेळी वाटते, इतका वेळ उघडे राहिल्यावर माणसाजवळ स्वतःचे म्हणून शिल्लक काय राहत असेल? वृत्तवाहिन्यांवरचे निवेदकही हल्ली ‘स्वतः’च असतात. पाहुण्याला बोलावतात आणि बोलू देत नाहीत. काकूंची तक्रार आज खऱ्या अर्थाने लागू पडली असती.

तबस्सुम मात्र उतारवयातही थांबल्या नाहीत. ‘तबस्सुम टॉकीज’ नावाने यूट्यूबवर जुन्या कलावंतांच्या आठवणी सांगत राहिल्या. तेच हसू, तीच लगबग. १८ नोव्हेंबर २०२२ रोजी मुंबईत हृदयक्रिया बंद पडून त्यांचे निधन झाले. बातमी बाहेर आली ती दुसऱ्या दिवशी, सारे उरकल्यावर. निरोपानंतरच जगाला कळवा, अशी त्यांचीच इच्छा होती, असे मुलाने सांगितले. त्या शेवटच्या प्रसंगाला कॅमेरा नव्हता, पाहुणे नव्हते. घरातली माणसे तेवढी होती.