अनुबोधपट आणि अर्थालंकार

मराठीत ‘माहितीपट’ हा शब्द रूढ झाला आणि ‘अनुबोधपट’ हा जुना शब्द मागे पडला. हा बदल निरुपद्रवी नव्हे. माहिती पुरविणे एवढेच ज्याचे प्रयोजन, त्याच्या रूपाची चर्चा करण्याचे साहित्याच्या अभ्यासकाला कारण उरत नाही. अरुण खोपकर यांच्याबाबत नेमके हेच घडले आहे. ‘चलत्-चित्रव्यूह’ या त्यांच्या ग्रंथाला २०१५ साली साहित्य अकादमी पुरस्कार मिळाला. त्यांचे चित्रपट मात्र साहित्यविचाराच्या उंबरठ्याबाहेरच राहिले.

वस्तुतः या चित्रपटांची शीर्षकेच काव्यशास्त्राकडे बोट दाखवितात. भूपेन खख्खर, नलिनी मालानी व विवान सुंदरम् या चित्रकारांवरील ‘फिगर्स ऑफ थॉट’ (१९९०) हे शीर्षक म्हणजे पाश्चात्त्य वक्तृत्वशास्त्रातील संज्ञा; अर्थालंकाराशी तिचे नाते उघड आहे. भरतनाट्यमवरील ‘संचारी’ (१९९१) हा तर भरताच्या परंपरेतीलच शब्द. पदाची एकच ओळ पुनःपुन्हा गाइली जात असता नर्तकी दर आवर्तनी अर्थाची नवी छटा उलगडते; त्या विस्ताराला संचारी म्हणतात. खोपकरांची रीतही हीच म्हणावी लागेल. जहांगीर सबावालांवरील ‘कलर्स ऑफ ॲब्सेन्स’ (१९९३) हे चित्रकाराचे चरित्र नव्हे, त्याच्या चित्रांचे वाचन आहे. आयझेन्स्टाइनच्या संकलनविचाराचा खोपकरांचा व्यासंग जुना. दोन प्रतिमा शेजारी ठेवून तिसरा अर्थ जागविणे ही त्यांची समीक्षापद्धती होय. पृष्ठावर जे काम वाक्य करते, ते येथे छेद करतो.

या पद्धतीला एक धोकाही आहे. घाटावरील एवढ्या लक्षामुळे माणूस चौकटीबाहेर राहू शकतो. आलाँ तानेर या स्विस दिग्दर्शकाने चंदीगढवर १९६६ साली चित्रपट केला (निवेदन जॉन बर्जर यांचे), तेव्हा सेक्टर ३२ ज्यात मोडतो तो नगराचा दुसरा टप्पा पुरता वसायचा होता. ल कॉर्बुझिएच्या वास्तूंइतकेच त्या बांधणाऱ्या मजुरांकडेही तानेरचे लक्ष आहे. चार्ल्स कोरियांवरील खोपकरांच्या ‘व्हॉल्यूम झीरो’मध्ये (२००८) भर आहे तो अवकाशाच्या विचारावर.

म्हणूनच ‘नारायण गंगाराम सुर्वे’ (२००२) हा खोपकरांच्या कलादृष्टीचा खरा कस. कवी सुर्वे (१९२६–२०१०) अनाथ. गंगाराम सुर्वे या गिरणी कामगाराने वाढविलेले. दत्तक पित्याचे नाव शीर्षकात पुरते येते, ही निवड अर्थपूर्ण आहे. येथे विषय कॅनव्हाससारखा स्थिर नाही. तो गिरणगावात वाढलेला, बोलणारा माणूस आहे. खोपकर अभिनीत प्रसंग आणि वास्तव यांची सरमिसळ करतात, आणि दोहोंमधला सांधा लपवीत नाहीत. आत्मचरित्रपर कवितेतला ‘मी’ आणि हयात कवी यांतील अंतर वर्गात समजावून सांगणे किती जड जाते, हे अध्यापक जाणतात. तेच अंतर या चित्रपटात डोळ्यांना दिसते. सुर्व्यांची कविता अभ्यासक्रमात असलेल्या विभागांनी हा चित्रपट पूरक साहित्य म्हणून नव्हे, त्या कवितेवरील भाष्य म्हणून, छापील समीक्षेच्या बरोबरीने लावावा.