सोनं गेलं, माणसं राहिली

परवा भाचीच्या लग्नाचं सोनं घ्यायला आम्ही चौघीजणी सराफाकडे गेलो होतो. पाटल्यांचं वजन विचारलं, घडणावळ विचारली, जुनं मोडलं तर घट किती धराल तेही विचारलं. पण हे सोनं जमिनीतून काढलं कुणी, हे काही कुणी विचारलं नाही. मीही नाही. घरी आल्यावर मात्र कोलार आठवलं.

‘केजीएफ’ म्हटलं की मुलांना २०१८ चा सिनेमा आठवतो. खरं केजीएफ म्हणजे कर्नाटकातल्या कोलार जिल्ह्यातली सोन्याच्या खाणींची वस्ती. १८८० नंतर जॉन टेलर यांच्या इंग्रज कंपनीने तिथे जोरात खाणकाम सुरू केलं. शिवनसमुद्रच्या धबधब्यावरची वीज १९०२ मध्ये या खाणींसाठी आली. साहेबांना बंगले, क्लब, गोल्फचं मैदान. खाली उतरणाऱ्या मजुरांना एका खोलीची घरं. हे मजूर बहुतेक तमिळ, त्यातही दलित. खाण खोल जात जात तीन किलोमीटरच्याही खाली गेली. तिथला खडक चटका देईल इतका तापलेला, वर दरड फुटायची धास्ती. दगडाची धूळ छातीत बसून कित्येकांना सिलिकोसिस झाला. नवरा पाळीवरून घरी येईपर्यंत त्या बायकांचा जीव कसा राहत असेल!

सव्वाशे वर्षांत तिथून सुमारे ८०० टन सोनं निघालं. पुढे दगडात सोनं कमी आणि काढायचा खर्च जास्त, असं झालं. २८ फेब्रुवारी २००१ रोजी सरकारी कंपनीने खाणी बंद केल्या.

आपण अशा जागेला सहज ‘ओसाड’ म्हणून मोकळे होतो. पण बायांनो, कोलार ओसाड नाही. तिथे माणसं राहतात. बंगळुरू शंभरेक किलोमीटरवर. हजारो माणसं पहाटेची गाडी पकडून तिथे कामाला जातात आणि रात्री परततात. वस्तीशेजारी सायनाइड वापरून सोनं काढलेल्या मातीचे डोंगर तसेच आहेत. वारा सुटला की ती भुकटी घराघरांत येते. घर झाडायचं काम कुणाचं, ते सांगायला नको.

गिरणी असो की साखर कारखाना, बंद पडल्यावर संसार रेटायची पाळी बाईवर येते, हे आपल्यालाही ठाऊक आहे. म्हणून मला वाटतं, खाण सुरू करताना नफ्याचा हिशेब मांडतात, तेव्हाच ती बंद झाल्यावर वस्तीचं काय, याचाही मांडायला हवा. कामगारांचं घर, औषधपाणी, मुलांची नोकरी आणि मागे उरणारी ती माती, सगळं त्यात आलं पाहिजे.

भाचीच्या पाटल्या छानच आहेत. लग्नात तिला घालताना कोलारची गोष्टही सांगणार आहे. सोन्याचा भाव तिला पाठ आहेच.