औषध कुणाचं?

या आठवड्याचा आपला शब्द आहे 'औषध'. तुम्ही म्हणाल, हा काय शब्द झाला! पहिलीतल्या पोरालाही औषध म्हणजे काय ते ठाऊक असतं. कडू असतं, चमच्यानं देतात आणि दिलं की तोंड वाकडं होतं.

थांबा जरा. एक यादी देते, ती वाचा. खोकल्याचं औषध. बाळाचं औषध. गाईचं औषध. मुंग्यांचं औषध. तुरीचं औषध. उंदरांचं औषध. आता सांगा पाहू, यातल्या कुठल्या औषधानं कोण बरं होतं?

बाळाच्या औषधानं बाळ बरं होतं. गाईच्या औषधानं गाय बरी होते. आणि उंदरांच्या औषधानं उंदीर ठणठणीत झाले, असं कुणी ऐकलंय का? शब्द तोच, पुढचा 'चं' हा प्रत्ययही तोच. पण एका ठिकाणी जीव वाचतो आणि दुसऱ्या ठिकाणी जातो!

ही यादी मी पुस्तकातून काढलेली नाही बरं का. वर्गातल्या मुलांना सांगितलं होतं, "घरात कोणकोणती औषधं आहेत ते आईबाबांना विचारून लिहून आणा. हात मात्र कशालाही लावायचा नाही." दुसऱ्या दिवशी वह्या आल्या. तापाची गोळी, बामची डबी, डोळ्यांत घालायचे थेंब हे होतंच. पण त्याच ओळीत, त्याच अक्षरात, ढेकणांचं औषध, डासांचं औषध, धान्यात ठेवायचं औषध, तणाचं औषध आणि कपाशीचं औषध! एकीनं तर लिहिलं होतं, "बाबा वावरात औषध माराले गेले, म्हणून आमच्या घरी आज औषध नाही." वाचून वर्ग हसला. पण पोरीचं काही चुकलं नव्हतं. आमच्या मेहकरकडे सगळे असंच बोलतात. बाजारात गेलं की एका बाजूला 'मेडिकल' असतं, दुसऱ्या बाजूला 'कृषी केंद्र' असतं आणि दोन्हीकडे जाऊन आपण 'औषध द्या' असंच म्हणतो.

असं का बरं झालं असेल? माणसं अडाणी म्हणून? मुळीच नाही. यात एक सरळ हिशेब आहे. आजारपणात तिघं असतात : एक रोगी, एक रोग आणि एक औषध. 'बाळाचं औषध' म्हणताना आपण रोग्याचं नाव घेतो. 'खोकल्याचं औषध' म्हणताना रोगाचं नाव घेतो. आता शेताकडे चला. तूर ही रोगी. शेंगा पोखरणारी अळी हा रोग. मग फवारतात ते काय? औषध! 'तुरीचं औषध' म्हणा की 'अळीचं औषध' म्हणा, वस्तू एकच. घरात मुंग्या झाल्या तर घर रोगी आणि मुंग्या हा रोग. शेतकऱ्याला आपलं पीक लेकरासारखं असतं, म्हणून त्यानं हा शब्द तिथं नेला. मला तर यात मायाच दिसते.

आणि आपली भाषा अगदीच बेसावध नाही. क्रियापद नीट ऐका, म्हणजे कळेल. औषध 'घेतात', तेव्हा माणूस रोगी. औषध 'पाजतात', तेव्हा बाळ किंवा बैल. 'लावतात', तेव्हा जखम. 'मारतात' किंवा 'फवारतात', तेव्हा वावर. 'टाकतात', तेव्हा मुंग्या. 'ठेवतात', तेव्हा उंदीर. नाम बदलत नाही, क्रियापद बदलतं, आणि मोठ्या माणसाला तेवढ्यावरून सगळं उमगतं. मोठ्या माणसाला, हं! लहानाचं काय, ते पुढे सांगते.

आधी या शब्दाचं मूळ पाहू. संस्कृतात 'ओषधी' म्हणजे वनस्पती, आणि तीही ठरावीक तऱ्हेची : फळ पिकलं की जी वाळून जाते ती. त्या हिशेबानं गहू, ज्वारी, हरभरा या सगळ्या ओषधी झाल्या. आंबा आणि चिंच नव्हेत, कारण ती दरवर्षी फळतात आणि उभीच राहतात. या ओषधीपासून झालं ते औषध. म्हणजे गंमत बघा, मुळात हरभरा हीच ओषधी, आणि आज आपण त्या ओषधीवर औषध मारतो!

याहून मोठी गंमत 'दारू' या शब्दाची आहे. पालकहो, दचकू नका. दारू हा फारसी शब्द आणि फारसीत त्याचा अर्थ औषध. इराणमध्ये रस्त्यावर 'दारूखाना' अशी पाटी दिसली, तर ते आपलं साधं मेडिकल समजायचं. खोकल्याची बाटली, तापाच्या गोळ्या तिथंच मिळतात. आपल्याकडे मात्र दारूखाना म्हणजे बंदुकीच्या दारूचं कोठार. मुंबईत रे रोडजवळ दारूखाना नावाचा भाग आजही आहे. सिंहगडावर गेलात तर दारूचं कोठार बघायला मिळेल; तिथं तोफांची दारू ठेवत. दिवाळीत आपण उडवतो ती शोभेची दारू. आणि जिच्यामुळे घरं बुडतात तीही दारूच. एका शब्दाचे चार संसार! जुना अर्थ मात्र एका जागी लपून बसलाय. आजी म्हणते ना, "दवादारू कर वेळेवर"? तिथं दवा म्हणजे औषध आणि दारू म्हणजेही औषध. दवा अरबीतून आला, दारू फारसीतून आला आणि मराठीत दोघे जोडीनं राहू लागले.

आता तुम्हाला आगबोटीत बसवून दूर पूर्वेला नेते, मलेशिया आणि इंडोनेशियात. तिथल्या दोन भाषा सख्ख्या बहिणी आहेत. औषधाला मलेशियात म्हणतात 'उबात' आणि इंडोनेशियात 'ओबात'. आता याचे अर्थ ऐका. तापाचं औषध म्हणजे उबात, हे ठीक. मलेशियात दात घासायची पेस्टसुद्धा 'उबात गिगी', म्हणजे दातांचं औषध. डास पळवायची अगरबत्ती 'उबात न्यामुक', म्हणजे डासांचं औषध, अगदी आपल्यासारखं! खरचटल्यावर लावायचं लाल औषध इंडोनेशियात 'ओबात मेराह', शब्दशः लाल औषध. आणि बंदुकीची दारू? तीही जुन्या मलायीत उबातच, बंदुकीचं औषध! ना त्यांनी आपल्याला विचारलं, ना आपण त्यांना, आणि औषधापासून बंदुकीच्या दारूपर्यंतची वाट दोघांनीही धरली. (त्यांच्याकडे शिक्षकाला 'गुरु' म्हणतात. तो शब्द मात्र इथूनच गेला. तसाच 'विष' हा शब्दही गेला आणि तिथं 'बिसा' झाला. सापाचं विष ते बिसा. पण इंडोनेशियात 'बिसा' याचा आणखी एक अर्थ आहे, 'जमेल'. "येशील का?" "बिसा!" तेव्हा तिकडे कुणी बिसा म्हटलं तर लगेच वैद्याकडे धावू नका.)

इंडोनेशियातले शेतकरीही भातावर मारायच्या कीटकनाशकाला ओबातच म्हणत. ओबात म्हटल्यावर भीती कसली? जितकं जास्त तितकं बरं! पण झालं उलटंच. भातावर तपकिरी तुडतुडे नावाची कीड पडायची. फवाऱ्यानं तुडतुडे मरायचे, पण त्यांना खाणारे कोळी आणि इतर मित्रकीटकही मरायचे. मग तुडतुड्यांना कोण अडवणार? ते आणखी वाढत. शेवटी १९८६ साली तिथल्या सरकारनं ५७ कीटकनाशकांचा भातावरचा वापर बंद केला. १९८९ पासून तर शेतकऱ्यांसाठी बांधावरच्या शाळा निघाल्या. हंगामभर दर आठवड्याला शेतकरी शेतात जमत, किडे मोजत, बरणीत कोळी आणि तुडतुडा एकत्र ठेवून कोण कुणाला खातो ते बघत. शाळा असावी तर अशी, असं मला नेहमी वाटतं! त्या शाळांमधून एक शब्दही बदलला. ओबात म्हणणारी माणसं हळूहळू 'राचुन' म्हणू लागली. राचुन म्हणजे विष.

आपल्याकडेही या शब्दाचा हिशेब चुकता झालाय, आणि फार महाग पडलाय. वाशिम ओलांडलं की यवतमाळ जिल्हा लागतो. तिथं २०१७ च्या पावसाळ्यात आणि त्यानंतर कपाशीवर फवारणी करताना शेकडो शेतकरी आणि मजुरांना विषबाधा झाली. वीसहून अधिक माणसं गेली. त्या वर्षी कपाशी डोक्याएवढी वाढली होती. फवारा वर धरावा लागे आणि तो वाऱ्यानं फिरून तोंडावर येई. बहुतेकांच्या तोंडाला मास्क नव्हता, हातांत मोजे नव्हते. कारणं अशी बरीच होती, सगळा दोष एका शब्दाच्या माथी मारता येणार नाही. पण माझ्या मनात येतं, ज्या वस्तूला आपण जन्मभर औषध म्हणत आलो, तिच्यासाठी हातमोजे घालावेत असं कुणाला सुचेल? औषधाला कुणी भीत नाही. विषाला भितात.

आणि आता लहानांचं सांगते. तीन वर्षांच्या बाळाला क्रियापदाचा फरक कळत नाही. त्याला औषध म्हणजे आईनं दिलेलं गोड, लाल, चमच्यातलं पाणी. कोनाड्यात ठेवलेल्या बाटलीला सगळे औषध म्हणतात हे ते ऐकतं. पुढचं लिहीत नाही. आणखी एक प्रसंग डोळ्यांपुढे आणा. घरी मोठं कुणी नाही. ताई घाबरून शेजारच्या काकूंना हाक मारते, "काकू, छोट्यानं औषध घेतलं!" काकू पोळ्या लाटता लाटता म्हणतात, "बरं झालं गं, गुणाचं लेकरू!" पाच मिनिटं गेली ना वाया? त्या वेळी पाच मिनिटं फार असतात. ताईनं 'विष' म्हटलं असतं, तर काकू लाटणं टाकून धावल्या असत्या.

म्हणून काय करायचं? 'औषध म्हणू नका, कीटकनाशक म्हणा' असं मी सांगणार नाही. तो शब्द छापायला चांगला आहे, पण वावरात तोंडी बसत नाही. आबा तर तो कधीच म्हणायचे नाहीत! पण घरातल्या लहानांसमोर सरळ 'विष' म्हणायला काय हरकत आहे? 'ते वावरातलं विष आहे, हात लावू नकोस.' दोन अक्षरी शब्द आहे, बाळालाही कळतो.

आणि तुम्ही वाचायला शिकलात, तेव्हा एक काम तुमचं. अशा प्रत्येक डब्यावर एक चौकोन असतो, पतंगासारखा टोकावर उभा. १९७१ च्या नियमांनी तो छापावाच लागतो. त्याचे दोन त्रिकोण असतात. खालच्या त्रिकोणाचा रंग बघा, लांबून, हात न लावता. लाल म्हणजे सर्वांत जहाल. त्याच्या वरच्या त्रिकोणात कवटी, हाडं आणि 'विष' हा शब्द असतो. पिवळा त्याखालोखाल, त्यावरही 'विष' लिहिलेलं असतंच. निळ्यावर धोक्याची सूचना आणि हिरव्यावर सावधानतेची. हिरवा रंग बघून सिग्नलसारखं 'चला पुढे' समजू नका, हं! तो फक्त इतरांपेक्षा कमी जहाल, औषध नव्हे. आमच्या वर्गातल्या एकानं विचारलं, "मॅडम, पांढरा नसतो का?" नाही, पांढरा त्रिकोण नसतो.

पालकहो, दोन गोष्टी तुमच्यासाठी. उरलेलं कीटकनाशक पाण्याच्या किंवा थंड पेयाच्या बाटलीत कधीच ओतून ठेवू नका. चौकोन जुन्या डब्यावर राहतो आणि नवी बाटली मुकी होते. आणि दुर्दैवानं कुणाच्या पोटात गेलंच, तर मीठपाणी पाजून उलटी काढत बसू नका. १०८ ला फोन करा, लगेच दवाखाना गाठा आणि तो डबा सोबत न्या. डॉक्टर विचारणारच, "कोणतं औषध?" त्यावर 'कपाशीचं' एवढं उत्तर पुरत नाही. डब्यावरचं नाव वाचूनच त्यांना पुढचे उपचार ठरवता येतात.

आता पुढच्या अंकाचा शब्द. औषधाचीच धाकटी बहीण : 'गोळी'. तापाची असते, बंदुकीची असते, लिमलेटची असते. आईच्या साड्यांत ठेवलेली डांबराची असते, ती तर दिसायला हुबेहूब पेपरमिंट! आणखी कितीतरी आहेत. तुमच्या गावात, तुमच्या घरात किती तऱ्हेच्या गोळ्या आहेत, आणि कुठली गोळी 'खातात', कुठली 'घेतात', कुठली 'सुटते' आणि कुठली 'लागते', ते लिहून पाठवा. यादी घरच्यांना विचारून करायची आणि हात कशाला लावायचा नाही, हे या वेळी सांगायला नकोच!