सुट्टी झाली, गोळ्या कुठं?

नागपूरच्या मनोरुग्णालयातून सुट्टी झालेला माणूस नांदेड जिल्ह्यातल्या हिमायतनगरच्या बसस्टँडवर उतरतो, त्याच्या आधीच त्याची खबर गावात पोचलेली असते. घरचे मायेनं म्हणतात, ‘तू नको येऊ शेतात, बस निवांत.’ फवारणीचं औषध त्याच्यापासून कुलपात ठेवा, ते शहाणपणच आहे. पण कापूस वेचणी, दुकानाचा हिशोब, बाजारहाट हेही काढून घेतलं, तर दिवसभर त्यानं करायचं काय? गोळ्यांनी सकाळी गुंगी राहते, म्हणून जरा उशिरा कामाला जाऊ दे, एवढंच.

मला खरी धास्ती आहे ती गोळ्या सुटण्याची. राज्याची जुनी चार प्रादेशिक मनोरुग्णालयं पुणे, ठाणे, नागपूर आणि रत्नागिरीला. मराठवाड्याच्या वाट्याला त्यांतलं एकही नाही. नांदेडला विष्णुपुरीच्या शासकीय वैद्यकीय महाविद्यालयात मानसोपचार विभाग आहे, पण तिथवर जायचं तर रुग्णाचा आणि सोबत्याचा, दोघांचाही रोज बुडतो. सोयाबीन काढणीत ती खेप हमखास चुकते. माणूस दिसायला ठणठणीत, मग घरातच कुणीतरी म्हणतं, ‘आता कशाला गोळ्या?’ स्किझोफ्रेनिया उलटतो तो बहुतेकदा इथंच. लिथियम घेणाऱ्याची गोष्ट आणखी वेगळी. मे महिन्याच्या उन्हात अंगातलं पाणी आणि मीठ कमी झालं, की हेच औषध रक्तात वाढून विषासारखं भिनतं. म्हणूनच महाशिवरात्रीला हिमायतनगरच्या परमेश्वराच्या यात्रेत निर्जळी धरण्याआधी डॉक्टरांना विचारलेलं बरं. देव काही रागावणार नाही.

२०१७चा मानसिक आरोग्यसेवा कायदा या बाबतीत चांगलाच स्पष्ट आहे. सुट्टी देताना रुग्णाशी आणि घरच्यांशी बोलून पुढच्या उपचारांची आखणी करायची, असं कलम ९८ सांगतं. कलम १८ प्रमाणे आवश्यक यादीतली औषधं सामुदायिक आरोग्य केंद्रापासून वरच्या प्रत्येक सरकारी दवाखान्यात कायम आणि फुकट मिळायला हवीत. आपल्याकडं तो दर्जा ग्रामीण रुग्णालयाचा. म्हणजे या गोळ्या हिमायतनगरच्याच रुग्णालयाच्या औषध खिडकीवर मागायचा हक्क आहे, नांदेडला कशाला पळायचं?

तेव्हा सुट्टीच्या कागदाची झेरॉक्स घेऊन खिडकीवर जा. गोळी नाही म्हणाले तर तसं लेखी मागा. आधी तिथल्याच वैद्यकीय अधिकाऱ्याकडं तक्रार, तिथं दाद लागली नाही तर मानसिक आरोग्य पुनर्विलोकन मंडळाकडं. ही वाट कलम २८ मध्येच आहे. मधल्या काळात अडलंच तर १४४१६ या टेली-मानस क्रमांकावर फुकट बोलता येतं, फक्त त्या फोनवरून गोळ्या येत नाहीत.