संहिता कोणाची, अर्थ कोणाचा?

अमेरिकेतील राज्यांच्या दिवाणी कायद्याचे संहितीकरण म्हणजे दोन विद्वान वकिलांचा वाद, अशी मांडणी भांडवली कायदेपंडित करीत आले आहेत. एका बाजूस संहितेचे पुरस्कर्ते डेव्हिड डडली फील्ड, दुसऱ्या बाजूस त्यांचे विरोधक जेम्स कूलिज कार्टर! या कथेत कामगार कोठेच नाही. त्याला वगळल्यामुळेच ती इतकी सभ्य दिसते.

वस्तुस्थिती निराळी आहे. १८०६ साली फिलाडेल्फियाच्या चर्मकार कारागिरांनी मजुरीवाढीसाठी एकजूट केली, म्हणून त्यांना कटाच्या गुन्ह्याखाली दोषी ठरविण्यात आले. असा गुन्हा कोणत्याही विधिमंडळाने निर्माण केला नव्हता. न्यायाधीशांनी तो इंग्लंडच्या जुन्या निवाड्यांतून काढला. पुढे लवकरच न्यूयॉर्कच्या चर्मकारांवर असाच खटला झाला, तेव्हा आयर्लंडहून हद्दपार झालेले विल्यम सॅम्पसन त्यांच्या बाजूने उभे राहिले. याच सॅम्पसन यांनी १८२३ साली लिखित संहितेचा जाहीर पुरस्कार केला. मॅसॅच्युसेट्सचे रॉबर्ट रँटूल यांनी १८३६ साली न्यायाधीशनिर्मित कायद्यावर कडाडून हल्ला चढविला आणि १८४२ सालच्या प्रसिद्ध खटल्यात बोस्टनच्या बूट-कारागिरांचा बचाव केला. संघटना करणे हाच मुळी गुन्हा नव्हे, हे त्या खटल्यात न्यायालयास मान्य करावे लागले. संहितेची मागणी आणि संघटनेचा हक्क, या दोहोंसाठी लढणारी माणसे अशी एकच होती.

म्हणून संहिता म्हणजे मुक्ती काय? मुळीच नाही. फ्रेंच धर्तीवर सुबकपणे रचलेल्या लुइझियानाच्या १८२५ च्या संहितेत गुलामगिरीही तितक्याच सुबकपणे कलमबद्ध झाली होती. जॉर्जियाच्या संहितेचे एक कर्ते टॉमस कॉब हे गुलामगिरीच्या कायद्यावरील ग्रंथाचे लेखक होते. स्वतः फील्ड यांच्या अशिलांत ईरी रेल्वेचे जे गूल्ड व जिम फिस्क यांच्यासारखे सट्टेबाज होते. त्यांच्या १८४८ च्या दिवाणी प्रक्रिया संहितेने दाव्यांचे किचकट जुने प्रकार मोडून काढले, हे निर्विवाद. परंतु मालमत्तेच्या संबंधांना तिने हात लावला नाही.

फील्ड यांची दिवाणी संहिता १८६५ साली तयार झाली. डकोटा प्रदेशाने ती लगेच उचलली, कॅलिफोर्नियाने १८७२ साली, माँटानाने १८९५ साली. न्यूयॉर्कमध्ये मात्र विधिमंडळाने मंजूर करूनही ती गव्हर्नरांच्या नकाराधिकारापाशी अडली. १८८४ साली कार्टर यांनी तिच्याविरुद्ध पुस्तिका लिहिली. कायदा रूढीतून उगवतो, न्यायालये तो केवळ शोधून काढतात, हा त्यांचा सिद्धान्त. परंतु रूढी कोणाची? कारागिराला एकजुटीबद्दल शिक्षा करणारी रूढी कारागिराने घडविली नव्हती!

लिखित शब्दही आपोआप संरक्षण देत नाही. न्यूयॉर्कच्या सुधारित कायद्यात व्यापाराला हानिकारक कृत्यांचा कट दंडनीय होता. १८३५ साली न्यायालयाने तेच कलम जिनिव्हा गावच्या चर्मकार कारागिरांवर उगारले. कॅलिफोर्नियात पोमरॉय या पंडिताने संहितेचा अर्थ जुन्या न्यायाधीशनिर्मित कायद्याच्या आधारे लावावा असे प्रतिपादिले, आणि न्यायालयांनी ते मानले. पुढच्या दाराने बाहेर काढलेला न्यायाधीश मागच्या दाराने परत आला.

हा इतिहास भारतालाही परका नाही. १८७२ च्या भारतीय करार कायद्यातील व्यवसायबंदीचे करार रद्दबातल ठरविणारे २७ वे कलम फील्ड यांच्या मसुद्यावरून घेतले आहे. न्यूयॉर्कने नाकारलेला मजकूर इंग्रज राज्यकर्त्यांनी येथे निःशंकपणे लागू केला; येथील जनतेला विचारण्याचा प्रश्नच नव्हता.

म्हणून दोन्ही भ्रम टाळले पाहिजेत. संहिता झाली की न्याय झाला, हा एक. संहिता म्हणजे निव्वळ भांडवली फसवणूक, हा दुसरा. न्यायाधीशाच्या मनातील कायद्याशी लढता येत नाही. कागदावरील कलम वाचता येते, त्यावर बोट ठेवता येते, ते बदलून घेता येते. लिखित कायद्याने कष्टकऱ्याला विजय दिला नाही, लढण्यास उघडे मैदान दिले. त्या मैदानावर कलमाचा अर्थ अखेर संघटित शक्तीच ठरविते.